किरकोळ सदर

आषाढात भाताची लावणी सुरू झाली की कोकणातल्या बायाबापड्यांच्या पायांना चिखल्या होतात. सकाळपासून तिन्हीसांजेपर्यंत पोटरीभर गाळात उभे राहून तरवा काढायचा, त्याच्या जुड्या बांधायच्या, वाकून वाकून तो लावायचा. असे चार-सहा दिवस गेले की बोटांच्या बेचक्यांतली कातडी पांढरीफटक होऊन फुगते, मग ती सुटते, आणि तिच्याखालची लाल, ओली, हुळहुळणारी जागा उघडी पडते. आमच्या घरी आजी यावर मेंदीचा पाला वाटून बेचक्यांत भरी आणि वर जुनेराची पट्टी बांधी. परंतु ज्या पायांना ती पट्टी बांधली तेच पाय दुसऱ्या दिवशी पुन्हा त्याच वाफ्यात उतरायचे असल्यामुळे औषधाचा आणि चिखलाचा हा दावा लावणी संपेपर्यंत चालूच राही. या दुखण्यापायी कोणी वैद्याचे दार गाठल्याचे किंवा कोणी कामाला खाडा केल्याचे मला आठवत नाही. दुखणे होते, दरसाल होते; पण त्याची नोंद म्हणून कुठेच नव्हती.

नोंद नसलेल्या या दुखण्याचे कूळ मात्र मोठे आहे. शरीरावर जिथे जिथे कातडीवर कातडी टेकते, म्हणजे काखेत, जांघेत, स्तनांखाली, स्थूल माणसाच्या पोटावरील वळ्यांत, गुटगुटीत बाळाच्या मानेच्या घडीत आणि हातापायांच्या बेचक्यांत, तिथे वारा लागत नाही, घाम वाळत नाही, ओलीने त्वचेचा वरचा थर मऊ होतो आणि चालताबोलता होणाऱ्या घर्षणाने तो सोलवटतो. मग तांबूसपणा, आग, कंड आणि पुढे दुर्गंधी हा क्रम ठरलेला. आपल्या भाषेत याला 'काचणे' म्हणतात. दोराने बैलाची मान काचावी तशी कातडीने कातडी काचते. लॅटिन भाषेत 'घासणे' या अर्थाच्या धातूला 'परस्पर' या अर्थाचा उपसर्ग जोडून याच भावाचा 'इंटरट्रायगो' हा शब्द बनला, आणि तो इतका जुना आहे की इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातल्या रोमन कॅटोने आपल्या कृषिग्रंथात, द्राक्षमळे आणि जैतुनाचे घाणे यांच्या मजकुरामध्येच, प्रवासाला निघताना काचू नये म्हणून जवळ एका कडू वनस्पतीची डहाळी बाळगण्याचा तोडगा देऊन ठेवला आहे.

आज हाच शब्द जगभरच्या रुग्णालयांच्या दप्तरांत 'एल ३०.४' या संकेतांकाने लिहिला जातो. एक अक्षर, दोन अंक, एक टिंब आणि पुन्हा एक अंक. ज्या आजाराने सहसा कोणी मरत नाही, ज्यासाठी पुष्कळदा कोणी वैद्याकडेही जात नाही, त्याला जागतिक दप्तरात स्वतंत्र अंक मिळावा, याचे मला प्रथम हसू आले आणि मग कुतूहल वाटले. त्या कुतूहलापोटी मागे मागे जात पाहिले तेव्हा ध्यानात आले की आजार किरकोळ की थोर, हे शरीर ठरवीत नसून दप्तर ठेवणारा ठरवितो. आणि एका क्षुल्लक दुखण्याची नोंद कोणत्या काळी कोणत्या सदराखाली पडली, एवढेच जरी पाहिले तरी त्या त्या काळच्या दप्तराच्या धन्याला काय जाणून घ्यावयाचे होते ते कळून येते.

'किरकोळ' हे सदर वैद्यकात प्रथम कोणी उघडले ते सांगणे नको. पण आपल्याकडे ते फार प्राचीन काळी उघडले गेले होते, आणि त्याचे नावही तेच होते. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात 'क्षुद्ररोग' असा एक अध्याय असून त्यात ४४ रोग गणले आहेत. मोठ्या रोगांच्या स्वतंत्र अध्यायांत ज्यांना जागा मिळाली नाही, असे तीळ, वांग, कुरूप, केस गळणे, तारुण्यपिटिका इत्यादी सर्व इथे एकत्र बसविले आहेत. याच पंगतीत 'अलस' नावाचा रोग येतो: दूषित चिखलाच्या स्पर्शाने बोटांच्या बेचक्या ओलसर होऊन तिथे कंड, दाह आणि वेदना उत्पन्न होतात, असे त्याचे वर्णन आहे. आजीच्या चिखल्या त्या याच. शेजारी 'वृषणकच्छू' आहे, तो स्नान व उटणे टाळणाऱ्याच्या अंगावरील मळ घामाने ओला होऊन होतो. आणि 'अहिपूतना' आहे, ती मलमूत्राने भरलेले बालक वेळीच न धुतल्याने किंवा घाम आलेल्या बालकाला न न्हाऊ घातल्याने होते. या तिन्ही वर्णनांत एक गोष्ट समान आहे. ग्रंथकाराने या आजारांना क्षुद्र म्हटले खरे, परंतु प्रत्येकाचे कारण नोंदल्यावाचून त्याला पुढे जाववले नाही: चिखल, घाम, मळ. वैद्याची वही होती ती. रोग्याला काय सांगावयाचे हे त्या वहीतून निघावयाचे होते, आणि कारण कळल्याशिवाय सांगण्यासारखे काही नसते.

युरोपातील रोगगणनेचा उगम याच्या अगदी उलट टोकाला, म्हणजे मृत्यूपाशी झाला. सतराव्या शतकातल्या लंडन शहरात प्लेगची चाहूल वेळेवर लागावी म्हणून पॅरिशवार मृत्यूंची साप्ताहिक पत्रके निघत. मृताच्या घरी जाऊन कारण ठरविण्याचे काम वृद्ध स्त्रियांकडे असे. त्या प्रेत पाहत, शेजाऱ्यांना विचारीत आणि जे समजेल ते चर्चच्या कारकुनाला सांगत. जॉन ग्राँट नावाच्या एका कापडसामानाच्या व्यापाऱ्याने या धुळीत पडलेल्या पत्रकांचा ढीग समोर घेऊन १६६२ साली त्यावर निबंध प्रसिद्ध केला, आणि लोकसंख्याशास्त्राचा पाया घातला गेला. त्याच्या कोष्टकांत 'दात', 'दुःख', 'अकस्मात', 'ग्रहाची बाधा' अशी सदरे आहेत. 'स्कर्व्ही व खाज' असेही एक आहे. खाजेने माणूस मेला असे कोणाला वाटले असेल, याचा विचार करीत बसण्याचे कारण नाही. प्रेताच्या अंगावर त्या वृद्धेला जे दिसले ते तिने सांगितले. या वहीत शिरण्याची अट एकच होती, ती म्हणजे मरणे. काचलेल्या जांघेला तिथे प्रवेश नव्हता.

अठराव्या शतकात रोगांची वर्गवारी वनस्पतिशास्त्रज्ञांच्या हाती आली. माँपेलियेचा सोवाज आणि स्वीडनचा लिनियस या दोघांचेही रोगवर्गीकरणाचे ग्रंथ १७६३ सालचे आहेत. ज्या डोळ्यांनी पाकळ्या आणि केसर मोजायचे त्याच डोळ्यांनी रोगाचे वर्ग, कुले, जाती पाडावयाच्या, असा तो हव्यास होता. सोवाजने १० वर्गांत सुमारे २,४०० रोग बसविले. त्वचेच्या बाबतीत या दृष्टीला खरे यश आले, कारण त्वचेवरचा रोग फुलासारखाच उघड्या डोळ्यांना दिसतो. लंडनच्या रॉबर्ट विलनने त्वचारोगांचे आठ गण पाडले ते केवळ दिसण्यावरून: पुटकुळी, खपली, लाली, फोड, पुवाची पुळी, पाण्याची पुळी, गाठ आणि डाग. त्याच्या पद्धतीत 'एरिथिमा' म्हणजे तांबूसपणा हा लालीच्या गणात पडला. पुढे १८४५ साली व्हिएन्नाच्या हेब्राने विकृतिशास्त्राच्या आधारे १२ वर्गांची वेगळी मांडणी केली आणि त्वचेच्या आत काय घडते ते पाहावयास शिकविले. तथापि विलनने डोळ्यांना लावलेली सवय काही सुटली नाही. काचण्याच्या दुखण्याला आजही दप्तरात 'एरिथिमा इंटरट्रायगो' असे जोडनाव आहे. त्यातला पूर्वार्ध दिसणे सांगतो आणि उत्तरार्ध कारण सांगतो. दोन निरनिराळ्या काळच्या कारकुनांनी एकाच ओळीवर केलेल्या या सह्याच म्हणावयाच्या.

एकोणिसाव्या शतकात वहीचा धनी बदलला. ती सरकारची झाली. इंग्लंडच्या जन्ममृत्यू निबंधक कचेरीत विल्यम फार हा सांख्यिकीचे काम पाहू लागला, तेव्हा १८३९ सालच्या पहिल्याच अहवालात त्याने तक्रार केली की एकेका रोगाला तीन-चार नावे आहेत आणि एकेका नावाखाली तितकेच निराळे रोग आहेत. १८५३ साली ब्रुसेल्सला पहिली आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषद भरली, तीत आशिल गियार या वनस्पतिशास्त्रज्ञाने सर्व देशांसाठी एकच यादी असावी असा ठराव मांडला, आणि ते काम फार व जिनिव्हाचा मार्क देस्पीन यांच्याकडे आले. फारने साथीचे रोग, सार्वदेहिक रोग, एकेका अवयवाचे रोग, वाढीशी निगडित रोग आणि अपघात अशी रचना केली. देस्पीनने रोगाच्या प्रकृतीवरून गट पाडले. दोन याद्या समोर आल्यावर १८५५ च्या परिषदेने १३९ सदरांची एक तडजोडीची यादी संमत केली. राज्यकर्त्याला साथी मोजावयाच्या होत्या, म्हणून फारच्या मांडणीत साथीचे रोग अग्रभागी आले. आणि त्या मांडणीचा सांगाडा आजतागायत टिकून आहे.

त्याच काळात या वहीला दुसरे पान जोडण्याचा प्रयत्नही झाला. १८६० साली लंडनच्या परिषदेपुढे फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनी रुग्णालयांच्या एकसारख्या आकडेवारीची योजना ठेवली. मृतांबरोबर जिवंत रोग्यांचीही गणना व्हावी, कोण कशासाठी आला, किती दिवस राहिला आणि कसा परत गेला हे कळावे, असा तिचा आशय होता. तो मान्य करणारे पुष्कळ निघाले आणि अमलात आणणारे थोडे. जिवंत माणसाच्या दुखण्याला आंतरराष्ट्रीय वहीत रीतसर जागा मिळण्यास त्यानंतर ८८ वर्षे लागली.

दरम्यान मृत्यूची यादी मात्र पक्की झाली. गियारचाच नातू, पॅरिस नगराचा सांख्यिकीप्रमुख जाक बर्तियाँ याने १८९३ साली शिकागो येथे आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेपुढे आपले वर्गीकरण ठेवले. ४४, ९९ आणि १६१ सदरांच्या लहानमोठ्या तीन याद्या, ज्या देशाला जी झेपेल ती त्याने घ्यावी. १९०० साली पॅरिसला २६ देशांचे प्रतिनिधी जमले, त्यांनी ती १७९ सदरांपर्यंत वाढविली, आणि दर दहा वर्षांनी ती तपासण्याचा प्रघात पडला. १९०९ च्या दुरुस्त यादीत त्वचेचे पान उघडून पाहावे: १४२ कोथ, १४३ गळू, १४४ तीव्र विद्रधी, १४५ त्वचेचे इतर रोग. संपले! हेब्राच्या १२ वर्गांचे, विलनच्या आठ गणांचे आणि सुश्रुताच्या क्षुद्ररोगांतील त्वचेच्या सर्व विकारांचे अखेर एवढ्यावर भागले. आणि ज्यांनी माणूस मरत नाही अशा अगणित दुखण्यांचा समाचार १४५ या एकट्या आकड्याने घेतला. मृत्यूच्या खतावणीत हे योग्यच होते. तिथे त्वचेला विचारतो कोण?

आपल्याकडची स्थिती याहूनही थोडक्यात आटोपण्यासारखी होती. इंग्रजी अमदानीतील आरोग्य अहवालांत गावकामगारांच्या नोंदींवर आधारलेले जे मृत्यूंचे तक्ते येत, त्यांत पटकी, देवी, ताप, हगवण-अतिसार, अपघात व इजा, आणि इतर, एवढेच मुख्य रकाने असत; १८९६ साली मुंबईत प्लेग शिरल्यावर त्याचा एक वाढला. कशाने गेला हे नक्की न कळल्यास 'ताप' लिहावे, ही गावोगावची वहिवाट असल्यामुळे तापाचा रकाना सदैव फुगलेला असे. पण याच राजवटीने काचण्याच्या कुळातील एका रोगाला जगप्रसिद्ध नाव दिले. उष्ण हवेत लोकरीचे आणि खळीचे कपडे घालून फिरणाऱ्या गोऱ्या साहेबांच्या जांघेत गजकर्ण होई, आणि ते आपल्या घामाने माजते असे मानण्यापेक्षा परटाच्या धुण्यातून येते असे मानणे त्यांना सोयीचे वाटले. म्हणून त्याचे नाव पडले 'धोबी इच', म्हणजे परटाची खाज. आरोप सिद्ध होण्याची वाट न पाहता निकाल नावातच लिहिला गेला. गंमत अशी की आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत जांघेतल्या गजकर्णाच्या 'बी ३५.६' या संकेतांकाखाली समानार्थी नावांत 'धोबी इच' अद्याप छापलेले आहे, आणि आपल्या परटाविरुद्धची सहीशिक्क्याशिवायची फिर्याद अशी जागतिक दप्तरात पडून राहिली आहे.

१९४८ साली ही वही मुळातून बदलली. त्या वर्षीच्या एप्रिलात पॅरिसला सहाव्या दुरुस्तीची परिषद झाली, नव्याने स्थापन झालेल्या जागतिक आरोग्य संघटनेने ते काम आपल्या हाती घेतले, आणि मृत्यूच्या कारणांबरोबर आजारांचाही समावेश असलेले एकच वर्गीकरण प्रथमच सर्वमान्य झाले. तत्पूर्वी आजारांची एक समांतर यादी होती, पण ती मृत्यूच्या यादीचीच थोडी ताणलेली प्रत असल्यामुळे तिला विचारणारे कमी. आता त्वचा व त्वचेखालील ऊतींसाठी ६९० ते ७१६ असे आकडे राखून ठेवले गेले. चार आकड्यांत मावलेल्या त्वचेला एकदम सत्तावीस मिळाले. हा कोणा त्वचारोगतज्ज्ञाच्या हट्टाचा विजय नव्हता. युद्धातल्या सैनिकी रुग्णालयांना, विमा योजनांना आणि सार्वजनिक आरोग्यसेवांना आता जिवंत माणसाच्या खाटेचा, औषधाचा आणि बुडालेल्या दिवसाचा हिशेब हवा होता. न मारणारा आजारही पैसे खातो, हे ध्यानात आल्यावर त्याला क्रमांक मिळाला.

क्रमांक मिळाला तरी पत्ता कायम झाला नाही, आणि तो पुढे जसजसा बदलत गेला त्यात या गोष्टीचे सार आहे. नवव्या आवृत्तीच्या अमेरिकी पाठात काचण्याचा संकेतांक ६९५.८९ होता. ६९५ हे लालीच्या विकारांचे बिऱ्हाड. तिथे त्याच्या शेजाराला चेहऱ्यावरचा रोझेशिया होता आणि ल्युपस एरिथिमॅटोससही होता. या शेजाऱ्यांत लाल दिसण्यापलीकडे काडीचे नाते नाही. विलनचा डोळा तिथे दीडशे वर्षांनंतरही पहारा देत होता. १९९० साली संमत झालेल्या दहाव्या आवृत्तीत काचणे उठून त्वचादाहांच्या वस्तीत आले आणि एल ३०.४ झाले, पण एल ३० या सदराचे नाव पाहा: 'इतर त्वचादाह'. पुन्हा किरकोळ! २०१९ साली स्वीकारलेल्या आणि १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या अकराव्या आवृत्तीत मात्र त्याचे दुसरे स्थलांतर झाले. तिथे ते क्षोभजन्य स्पर्शदाहाखाली, 'घर्षण, घाम किंवा शरीरद्रवांचा संपर्क' या कारणाच्या पोटात ईके ०२.२० म्हणून बसते. लाळेमुळे होणारा आणि मलमूत्राच्या ओलीने होणारा दाह त्याला लागूनच आहेत. दिसण्यापासून निघालेले दप्तर अशा रीतीने कारणाशी येऊन पोहोचले. घाम, घर्षण, मलमूत्र: वृषणकच्छू आणि अहिपूतना यांच्या वर्णनातले शब्दच जणू. यावरून आमच्या पूर्वजांना सारे ठाऊक होते असा डंका पिटण्यात अर्थ नाही, कारण बुरशी आणि जंतू त्यांना दिसले नव्हते. पण वही रोग्यासाठी लिहिली की कारण विचारावेच लागते, एवढा धडा दोन्हीकडून सारखाच निघतो.

हा अंक प्रत्यक्षात कसा बसविला जातो ते एकदा पाहण्याजोगे आहे. केसपेपरवर डॉक्टरांनी घाईत लिहिलेले असते: दोन्ही स्तनांखाली लाली, ओल, आग, निदान इंटरट्रायगो. संकेतांक लावणारा प्रथम वर्णानुक्रमाची सूची उघडतो. तिथे या शब्दापुढे एल ३०.४ आहे, त्याखाली थोडी आत सरकविलेली ओळ आहे, ती ओठांच्या कोपऱ्यातल्या काचण्याची, आणि तिचा आकडा के १३.० असा थेट तोंडाच्या रोगांत जातो. परंतु सूचीवरून परस्पर आकडा उतरविणे हा या धंद्यात गुन्हा समजतात; तपशीलवार यादीत जाऊन पडताळा घ्यावा लागतो. घडीत कँडिडा नावाची बुरशी सापडली असेल तर बी ३७.२, बाळाच्या लंगोटाखालचा दाह असेल तर एल २२, पायांच्या बोटांतले गजकर्ण असेल तर बी ३५.३. जागा तीच, लाली तीच. आकडा कारणाप्रमाणे निराळा. आणि कारण डॉक्टरांनी लिहिले नसेल तर ते आपल्या अकलेने ठरविण्याची मुभा संकेतांक लावणाऱ्याला नाही. त्याने चिठ्ठी पाठवून विचारावयाचे. पेशवे दप्तरातला कारकून आपल्या मनाने बाब बदलीत नसे, तसेच हे.

१ ऑक्टोबर २०१५ पासून अमेरिकेने दहाव्या आवृत्तीचा स्वतःचा पाठ लागू केला, तेव्हा तिथल्या संकेतांकांची संख्या सुमारे १४ हजारांवरून सुमारे ६८ हजारांवर गेली. या आकड्यांवाचून तिथे विमा कंपनी देयक फेडीत नाही, आणि हे आकडे लावण्याचे काही काम आता पुण्या-मुंबईच्या कचेऱ्यांत बसून केले जाते; 'मेडिकल कोडिंग' शिकविणाऱ्या वर्गांच्या पाट्या आपल्या शहरांतून दिसतात त्या यासाठीच. ओहायो किंवा टेक्सासमधल्या कोणा अनोळखी स्थूल गृहस्थाच्या पोटाच्या वळीतली लाली मराठी मुलगी रात्रपाळीला बसून एल ३०.४ म्हणून नोंदविते, आणि त्यावर त्याचे देयक मंजूर होते.

त्या मुलीची आजी कोकणातली असली आणि लावणीला उतरत असली, तर तिच्या पायांच्या चिखल्यांना कोणता अंक लागेल? नुसत्या ओलीने आणि घासण्याने झाल्या असतील तर एल ३०.४, त्यात गजकर्ण शिरले असेल तर बी ३५.३. वही सज्ज आहे, सदर उघडलेले आहे, कारणाचा रकानाही आखलेला आहे. पण त्यासाठी त्या बाईने एक दिवस वाफ्यातून बाहेर येऊन, एसटीने तालुक्याच्या गावी जाऊन, केसपेपर काढून रांगेत बसावयास हवे; आणि पाऊस असेतो ते होणे नाही. श्रावणात लावणी संपते, पाय कोरडे राहू लागतात, चिखल्या आपोआप बऱ्या होतात, आणि तिच्या नावाची ओळ कोणत्याच दप्तरात पडत नाही.